वाघाच्या जागी

कॅम्प ३, उल्हासनगर
१४ नोव्हेंबर १९९५

वृंदे,

तुझं पत्र दसऱ्याच्या दुसऱ्या दिवशी लिहिलेलं, आणि मी उत्तराला बसतोय ते दिवाळीची पणती विझल्यावर. टाळलं, असंच धर. आंतर्देशीय घ्यायला म्हणून विठ्ठलवाडीला गेलो, तर डेपोत ओळखीचा कंडक्टर भेटला. म्हणाला, मुरबाडला माझ्या मेव्हण्याला कंदील करायला माणूस हवाय, येतोस? गेलो. बांबू तासायला शिकलो, वृंदे! बोटं कापली, ती वेगळी. दिवाळी तिथंच झाली. परत आलो तर हासूभाई दुकानाच्या दारात कमरेवर हात ठेवून उभा. ‘आ गए महाराज? ये नौकरी है या धर्मशाला?’ पण काढत नाही मला. कॉम्प्युटरचं दुकान त्याचं, पण फ्लॉपी फॉरमॅट करायला त्याला येत नाही. गिऱ्हाईक आलं की आधी ‘मधू किधर है’ विचारतं.

तुझं पत्र सगळीकडे खिशात होतं. घड्यांवर फाटलंय. म्हणजे विसरलो नव्हतो.

आता कामाचं. तू विचारतेस, हेमने गणपतीपासून आपला डाव टाकला नाही, तर गेममध्ये त्याला खेळायला लावायची काही सोय आहे का? नाही. ड्रॅगन-टू (हासूभाईच्या लेबलवर हेच लिहिलंय, ड्रॅगन-वन कुठाय ते कुणी विचारू नये, त्यालाही माहीत नाही) हा पाळीपाळीचा खेळ. तू तुझी सगळी सैन्यं हलवायची, ‘एंड टर्न’ दाबायचं, मग त्याने हलवायची. त्याने फ्लॉपी दाबून ठेवली तर त्याचा ड्रॅगन बसून, तुझे शेतकरी बसून, पडद्यावरचे ढगसुद्धा बसून. तुम्ही भावंडं टपालाने खेळता हे मी इथल्या पोरांना सांगितलं तर कुणाला खरं वाटत नाही.

पण माझ्याकडे दुसरी युक्ती आहे. सेव्ह केलेली फाईल मला उघडता येते. आकडे आत असतात, बदलायचे. तू तुझी कॉपी पाठव, मी हेमच्या ड्रॅगनची कोंबडी करून देतो. त्याला कळणारही नाही. इंजिनियर असला म्हणून काय झालं.

कदाचित दिवाळीत तो घरी आला असेल आणि डाव झालाही असेल. तसं असेल तर हे पत्र फाडून टाक. नाहीतरी माझं अक्षर जपून ठेवण्यासारखं नाही.

मधू

*

अंबरनाथ
२१ नोव्हेंबर १९९५

चि. मध्यास,

(मावसबहीण असले तरी चार महिन्यांनी मोठी आहे, म्हणून चि.)

कोंबडी तू कर आणि तूच खा. पुन्हा असलं काही लिहिलंस तर पत्र न उघडता परत पाठवीन.

हेम दिवाळीत आला होता. फ्लॉपी हॉस्टेलवर विसरलो म्हणाला. मी म्हटलं, माझ्याकडे माझ्या शेवटच्या डावाची कॉपी आहे, मशीन समोर आहे, बस. तर म्हणे अभ्यास आहे. चार दिवस अभ्यास केला त्याने, क्रिकेटचा. निघताना चिवडा घेतला, शेव घेतली, डाव ठेवून गेला.

तू बांबू तासत होतास म्हणून पुन्हा सांगते काय चाललंय ते. मे महिन्यात हेम म्हणाला, शेवटच्या वर्षाच्या प्रोजेक्टला घरातलं कॉम्प्युटरचं मशीन पुण्याला हॉस्टेलवर हवंय. मी म्हटलं, का? त्यावर सगळ्यात जास्त मी बसते. आप्पा आमरस खात होते. हसले आणि म्हणाले, ‘तुम्ही दोघं तो राक्षसांचा खेळ खेळता ना? जो जिंकेल त्याचं मशीन.’ त्यांना वाटलं, हेम संध्याकाळपर्यंत आटपेल. हेमलाही तेच वाटलं. हरिचंद्रमामा समोर होता, त्याने बाठा चोखता चोखता ऐकलंय. जून आला, हेम गेला, डाव अर्धा राहिला, मग फ्लॉपी लग्नपत्रिकेच्या जाड कागदात घालून, वर ‘शिक्का हळू मारावा’ लिहून टपालाने. तिकडे तो कॉलेजच्या मशीनवर खेळायचा. तोपर्यंत तो हसत होता. गणपतीच्या सुमाराला माझे शेतकरी त्याच्या ड्रॅगनच्या आजूबाजूला सरकायला लागले आणि फ्लॉपी यायची बंद झाली. चाल नाही, म्हणजे हार नाही. हुशार आहे माझा भाऊ.

आणि आता आप्पा म्हणतात, होळीपर्यंत डाव संपला नाही तर मशीन पुण्याला. म्हणजे त्याने नुसतं बसून राहायचं, की जिंकला.

मला ते मशीन हवंय, मधू. शोभेला नको. त्याच्यावर मी आपली वाघबकरी करतेय. जांभूळ गावच्या देवळाच्या ओट्यावर कोरलेला पट आहे ना, मामाने आपल्याला चिंचोक्याच्या शेळ्या आणि खड्यांचे वाघ देऊन शिकवलं तो, तसाच पट पडद्यावर काढलाय. हेमच्या टाकून दिलेल्या पुस्तकातून शिकले. शेळ्या हलतात. वाघ अजून हलत नाही. आणि अजून एक सांगते, कुणाला बोलू नकोस. त्या खुर्चीत बसले की मला कुणी चहा टाक म्हणत नाही. पाठ दिसते ना फक्त, हेमचीच वाटत असेल.

आता ऐक. मामाचा ओट्यावरचा नियम आठवतो? खेळता खेळता कुणी उठून गेला आणि आलाच नाही, तर डाव मोडायचा नाही. त्याच्या जागी दुसऱ्याने बसायचं. राखणदार. आणि राखणदाराने जीव तोडून त्याच्याच बाजूने खेळायचं. मूळ माणूस परत येऊन ‘ऊठ’ म्हणाला की निमूट उठायचं.

माझ्या ओळखीत ड्रॅगन-टू सगळ्यात चांगला तू खेळतोस. तू हेमच्या जागी बस.

वृंदा

*

कॅम्प ३
८ डिसेंबर १९९५

वृंदे,

नाही.

वाटल्यास शिव्या दे. उत्तर लगेच लिहिणार होतो, पण दुकानाखाली जीन्सचा कारखाना आहे ना, तिथल्या शिलाई मशीनचा पट्टा तुटला, मग मी तिथं गेलो, मग तिथं सुदाम नावाचा एक कटर आहे त्याने मला कापड एकावर एक रचून एकदम कसं कापतात ते दाखवलं, आणि निळी धूळ नाकात घेऊन वर आलो तर आमच्या ड्राइव्हमध्येही तीच निळी धूळ. दोन दिवस ड्राइव्ह पुसत होतो. असंच होतं माझं. तुला माहीत आहे.

पण ‘नाही’ त्याच्यामुळे नाही. नीट विचार केलाय, बसून, न उठता. मी हेमच्या जागी बसलो तर दोनच गोष्टी होतील. मी मुद्दाम हरलो, तर तुला कळेल आणि तू माझं तोंड बघणार नाहीस. मनापासून खेळलो, तर तुझी धडगत नाही. मी हेम नाही, वृंदे. हेम ड्रॅगन मिरवतो. त्याने तर आपला राजाच त्याच्या पाठीवर बसवलाय. मी तो ड्रॅगन वापरीन. मग मशीन पुण्याला जाईल, आणि ते माझ्या हातून जाईल. म्हणजे एवढ्या सगळ्या भानगडीत मी काय केलं, तर तुझ्याकडून हिसकावून हेमला दिलं. आयटीआय सोडलं तेव्हा बाबा म्हणाले होते, ‘तू कुणाच्या कामाचा नाहीस.’ ते चाललं मला. पण हे नको.

आणि काका मला मान्य करतील? गेल्या वर्षी माझ्या फ्लॉपीतून व्हायरस आला, त्यांचा ऑफिसचा रिपोर्ट गेला, त्यानंतर तुमच्या जिन्यावर पाय ठेवायची मला बंदी. दोन स्टेशनांच्या अंतरावर राहून आपण पत्रं लिहितो, ते काय हौस म्हणून?

कॅम्प चारमध्ये देऊ म्हणून एक पोरगा आहे, बरा खेळतो. त्याला बसवू. तो चिडका आहे, चुका करतो. तू त्याला कोंडशील.

मधू

*

अंबरनाथ
२७ डिसेंबर १९९५

मध्या,

देऊ चिडका आहे, चुका करतो, म्हणून त्याला बसवू? म्हणजे तुलाही वाटतं, मला जिंकायला समोर चुका करणारा लागतो. शाब्बास. आप्पांच्या शेजारी बस तू, आमरस खायला.

तुझं पत्र वाचलं आणि तडक जांभूळला गेले. मामाला घेऊन आले. रविवारी दुपारची जेवणं झाली होती, आप्पा सुपारी कातरत होते. मामाने विचारलं, ‘भाऊजी, या पोरांच्या डावाला पंच कोण?’

‘मी,’ आप्पा म्हणाले.

‘मग डाव अडलाय कधीचा. खेळाडूनं अडवलाय का पंचानं?’

‘हरिचंद्रा, त्याला अभ्यास आहे.’

‘असंल की. वाघाला पण झोप येते. म्हणून तर राखणदार असतो.’

आप्पांना नियम सांगितला. त्यांनी मला विचारलं, कोण बसणार? मी तुझं नाव सांगितलं. अडकित्ता थांबला. ‘तो? घरात पुन्हा व्हायरस आणायचाय?’ तर आतून, भांडी घासता घासता, आई म्हणाली, ‘व्हायरस फ्लॉपीत होता. मधूत नव्हता.’ मधू, लग्नाला चोवीस वर्षं झाली, आप्पांच्या बोलण्यात ती मधे बोललेली मी पहिल्यांदा ऐकली. आप्पांनीही बहुतेक. अडकित्ता पुन्हा चालू झाला.

मग म्हणाले, ‘तुमची दोघांची दोस्ती. तो मुद्दाम हरेल.’ मी म्हटलं, ‘त्याचा प्रत्येक डाव तुम्ही माझ्यामागे बसून बघा. एक चाल जरी खोटी वाटली, तर होळीची वाट बघू नका, त्याच दिवशी मशीन पाठवा.’

त्यांनी मान्य केलं. तेव्हा आता तुला मुद्दाम हरायची सोय नाही. मीच बंद केली. ड्रॅगन वापरीन म्हणतोस ना? वापर. राजा त्याच्या पाठीवर आहे आणि राजा चहूबाजूंनी कोंडला की शरण येतो, एवढा एकच नियम मला पुरे. मला भीती वाटते, हे खरं आहे. पण हेम न खेळता जिंकण्यापेक्षा तू खेळून मला हरव. निदान मी हरले असं म्हणता येईल. आत्ता तर मी खेळतच नव्हते असं होईल.

हेमलाही कळवलंय. मुद्दाम पोस्टकार्डावर, म्हणजे हॉस्टेलच्या गड्यापासून रेक्टरपर्यंत सगळ्यांनी वाचावं. मजकूर असा: ‘तुझ्या जागी मधू बसला आहे. तुझा ड्रॅगन यापुढे तो चालवेल. शेवेचा डबा आईला हवा आहे, येताना आण.’ मामाने कार्ड वाचलं आणि मिशीत हसला. म्हणाला, ‘पळालेला वाघ शेळीसाठी परत येत नाय. पण आपल्या जागेवर दुसरा वाघ बसला म्हणलं, की येतो.’ मी म्हटलं, येऊ दे नाहीतर न येऊ दे, माझा डाव थांबत नाही.

सोबत फ्लॉपी. माझी चाल झालेली आहे. तुझी पाळी.

वृंदा

ता. क. मशीनच्या पुढच्या बाजूला कुलूप असतं बघ, त्याची किल्ली आप्पांच्या जुडग्यात असायची. काल ती टीव्हीवर होती. कुणी ठेवली, माहीत नाही.

*

कॅम्प ३
१५ जानेवारी १९९६

वृंदे,

तिळगूळ घे, गोड बोल आणि बारवी विसर.

फ्लॉपी लावलीस की दिसेलच, तरी तोंडाने सांगितलेलं बरं. घेतला मी तुझा बारवीचा किल्ला. किल्ल्यांना आपल्याकडची नावं दिलीस तू, तो घाव जरा जास्तच बसला. हेमच्या किल्ल्यांची नावं ‘हेम एक’, ‘हेम दोन’ असताना बरं होतं, पण ड्रॅगनला ‘बारवीवर चाल’ असं सांगताना माझाच हात अडखळला. तिकडे आपण करवंदं खायला जायचो ना.

पण तू सांगितलंस, जीव तोडून. मग तोडला. तुझं कडं मी आधी तास दोन तास नुसतं बघितलं. शेळीच्या पाठीला शेळी, मामाने शिकवलं तसंच. ड्रॅगनने पुढचा शेतकरी खाल्ला तरी मागचा दाताळं घेऊन उभा. आणि खाल्ल्यावर ड्रॅगन पुढचा एक डाव सुस्त पडतो, तेवढ्यात तू भोक बुजवणार. झकास होतं. फक्त बारवीच्या बाजूला पाठ उघडी होती. किल्ला आहे म्हणून तू तिथं दुसरी रांग लावली नाहीस. मी तिथूनच निघालो. हेमला ते दिसलं नसतं. तो पुढे बघतो.

हासूभाई मागे उभा होता. ‘किसके साथ खेल रहा है? सामने तो कोई नहीं.’

म्हटलं, ‘बहन है, अंबरनाथ में.’

‘फोन पे?’

‘डाक से.’

‘साईं!’ तो खुर्ची ओढून बसला. ‘इतने में तो नीचे सुदाम ने सौ पँट काट डाली.’ पण उठला नाही. बारवी पडली तेव्हा म्हणाला, ‘बहन का किला ले लिया? शरम नहीं आई?’ आली.

काका मागे बसून बघत असतील तर त्यांना विचार, खोटी वाटली का एखादी चाल.

मला माफ कर.

मधू

*

अंबरनाथ
३० जानेवारी १९९६

मधूस,

माफी कसली मागतोस? राखणदार माफी मागत नाही. पुन्हा मागितलीस तर तीच खोटी चाल धरीन.

आप्पांना विचारलं. म्हणाले, ‘खोटी नाही. लबाड आहे, पण खोटी नाही.’ त्यांनी चष्मा लावून सगळा नकाशा बघितला आणि विचारलं, हे हिरवं काय, हे निळं काय. निळी नदी, ती ड्रॅगनला ओलांडता येत नाही. करडे डोंगर, तेही नाही. म्हणाले, ‘म्हणजे आपल्या बारवीसारखंच की.’ मग चहा मागवला. मधू, मला नाही सांगितला. स्वतः आत जाऊन आईला सांगून आले, दोन कप.

बाकी घरात फार बरं नाही. आप्पांनी माळ्यावरून मशीनचं मूळ खोकं काढून हॉलमध्ये ठेवलंय, थर्माकोलसकट. म्हणतात, तयारी असलेली बरी, मार्चच्या पहिल्या आठवड्यात ऑफिसचा एक माणूस टेम्पो घेऊन पुण्याला जाणार आहे. मी रोज त्या खोक्याला वळसा घालून खुर्चीशी जाते. वळसा घालून बसते. वाघबकरीतला वाघ आता हलतो, पण एकाच बाजूला. दुसरीकडे पाठवला की पडद्याबाहेर जातो.

हेमचं अक्षर नाही. डबाही नाही.

यापुढे डावाबद्दल पत्रात बोलायचं नाही. समोर बसलेल्याला आपली चाल कोण सांगतं? आणि गोड गोड लिहून तू मला काही विचारशील आणि मी सांगून बसेन. तेव्हा फक्त फ्लॉपी पाठव. मी फक्त फ्लॉपी पाठवीन.

वृंदा

*

कॅम्प ३
२८ फेब्रुवारी १९९६

वृंदे,

बोलायचं नाही म्हणालीस, तरी लिहितोय. या फ्लॉपीसोबत पत्र जाणार आहे. वाचायचं नसेल तर मावशीला दे.

महिनाभर नुसत्या फ्लॉप्या आल्या-गेल्या. लग्नपत्रिकेचा कागद तोच, त्यावरचा गणपती आता झिजलाय. एक अक्षर नाही त्यात. आणि नकाशावर तुझं काय चाललंय ते बघून मला रडू यायची पाळी. तुझे शेतकरी दिसेनासे झाले. पडद्यावर धुकं असतं ना, जिथं आपला माणूस नाही तिथलं दिसत नाही, तसे एकेक करून धुक्यात गेले. वाटलं, संपले. वांगणीच्या खिंडीत एकच उरला. एकटा, दाताळं घेऊन, पाठीला कुणी नाही. त्याच्यामागे सरळ जांभूळ, तुझा शेवटचा किल्ला.

मधे मामा कॅम्पात आला होता. म्हणाला, खोकं हॉलमध्येच आहे, वृंदा बोलत नाही कुणाशी, बसलेली असते. झालं. मी म्हटलं, पोरगी हरली मनातून.

मग मी काय केलं? जे करतो तेच. पळालो. फ्लॉपी खिशात, बदलापूरला उतरलो, नदीवर जाऊन बसलो. तिथं काही पोरं जाळं टाकत होती, त्यांच्यात गेलो, माशांऐवजी चप्पल मिळाली, तिच्यावर अर्धा दिवस हसण्यात गेला. मग एकजण म्हणाला, वांगणीला चल, जत्रा आहे. निघालोही. फाट्यापर्यंत गेलो. आणि तिथं डोक्यात आलं, मी इथं जत्रेला गेलो तर होळी येईल, खोकं टेम्पोत चढेल, आणि वृंदाची पाळी कधी येणारच नाही. म्हणजे हेमने केलं तेच. चाल नाही, म्हणजे हार नाही. फक्त तो पुण्यात बसून करतो आणि मी जत्रेत.

उलटा फिरलो. दुकानात आलो. खुर्चीत बसलो. एवढा वेळ एका जागी मी शाळेतही बसलो नसेन.

विचार केला, ड्रॅगन वांगणीला न नेता दुसरीकडे फिरवला तर? वेळ जाईल, तुला श्वास मिळेल. पण काका बघतील ना. आणि काकांचं सोड. त्या एकट्या शेतकऱ्याकडे बघून मला वाटलं, हा पळालेला नाही. तू त्याला उभा ठेवलायस. मी दुसरीकडे गेलो तर तुला काय म्हणाल्यासारखं होईल? बाई, तू दमलीस, राहू दे. तेच जे घरात सगळे तुला म्हणतात. मी नाही म्हणणार. मरेन, पण नाही म्हणणार.

म्हणून नेला ड्रॅगन वांगणीला. खाल्ला त्याला.

हासूभाई मागून म्हणाला, ‘खतम?’

मी म्हटलं, ‘खतम.’

आणि धुकं हटलं.

वृंदे. अगं वृंदे! खिंडीच्या दोन्ही अंगांना, डोंगराच्या पायथ्याला, दोन-दोन रांगा. शेळीच्या पाठीला शेळी. महिनाभर मी ज्यांना मेलेले समजत होतो ते सगळे तिथं चिकटून उभे. पुढे जांभूळचा तट, बाजूला डोंगर, मागे मी आलो ती एवढीशी वाट, आणि त्या वाटेच्याही तोंडाशी तुझे चार जण. ड्रॅगनने खाल्लंय. सुस्त आहे. पुढच्या डावाला हलत नाही. तू एक डाव खेळलीस की कडं बंद, राजा पाठीवरच, चहूबाजूंनी कोंडलेला. शरण. मी दुसरी वाट शोधली. पाणी प्यायलो, परत शोधली. जीव तोडून शोधली, आईशप्पथ. नाहीये.

तो एकटा शेतकरी उरलेला नव्हता. आमिषाला बांधलेला होता. मामा ओट्यावर बांधायचा तसा, चिंचोका पुढे सरकवून, दुसरीकडेच बघत विडी पेटवायचा. मी त्या युक्तीला लहानपणी पन्नासदा फसलोय आणि एकावन्नाव्यांदा फसलो.

हासूभाईला दाखवलं. त्याने पडद्यावर बोट ठेवून एकेक रांग मोजली. म्हणाला, ‘बहन को बोल, नौकरी चाहिए तो आ जाए. तू तो वैसे भी धर्मशाला में है.’ ते तुमचं तुम्ही ठरवा. पण खुर्ची मागच्या कोपऱ्यातली नको, दारासमोरची माग. पाठ कुणाची आहे ते सगळ्यांना दिसू दे.

माझी सगळी सैन्यं हलवून झाली आहेत. फक्त ‘एंड टर्न’ दाबायचं बाकी आहे. ते दाबलं की पाळी तुझी, आणि मग कुणाच्या बापाची ताकद नाही तुला थांबवायची. आपल्या काकांचीसुद्धा नाही. त्यांना सांग, थर्माकोल शेजारच्या पोरांना द्या, गणपतीच्या मखराला होईल.

थांब. खालून जिन्यावर कुणीतरी येतंय. सुदाम असेल.

सुदाम नाही. वृंदे, दारात हेम उभा आहे. दाढी वाढलेली, खांद्याला पिशवी, पुण्याहून सरळ इथंच आलाय. एका हातात मावशीचा शेवेचा डबा, दुसऱ्या हातात तुझं पोस्टकार्ड, शंभर जणांनी वाचून मळलेलं. तो पडद्याकडे बघतोय. वांगणीकडे. त्याला कळलंय, हरलाय ते.

म्हणतोय, ‘ऊठ. जागा माझी आहे. बटण मी दाबतो.’

उठतो.